आईच्या नावाचा रकाना

१

मेलेल्या माणसांचे कागद संध्याला नवे नव्हते. दुबईशेजारच्या अजमानच्या भाषांतर कचेरीत तिची बावीस वर्षं गेली होती. अरबीचं इंग्रजी आणि इंग्रजीचं अरबी करता करता केस पिकले, चष्म्याचा नंबर वाढला आणि स्वभावात थोडा खवचटपणा मुरला. माणूस मरतो एकदाच, शिक्के मात्र त्याला पंचवीस लागतात, असं ती म्हणायची आणि पंचविसावा शिक्का मारायची.

त्या दिवशी टेबलावर आलेला मृत्यूचा दाखला बड्या असामीचा होता. कर्नल नजीब सारोव. उत्तरेकडच्या एका डोंगराळ देशात सात वर्षं लढाई चालली होती आणि तीन वर्षांपूर्वी संपली होती. संपली म्हणजे तोफा थांबल्या. शाळांच्या तळघरांत माणसं कोंडून मारणारे जे होते, ते मात्र एकेक करून गुप्त झाले. सारोव त्यातलाच. युरोपातल्या एका युद्धगुन्हे लवादाला तो हवा होता, आणि आता त्यांना कळलं होतं की कर्नल अबुधाबीच्या खलिफा सिटीतल्या एका व्हिलात, अकरा ऑगस्टच्या दुपारी, हृदय बंद पडून वारला. दुसऱ्या दिवशी सकाळी दफनही झालं. दाखल्याचं प्रमाणित भाषांतर मिळालं की लवाद फाइल बंद करणार होता.

असे दोन दाखले गेल्या वर्षभरात संध्याच्याच हातून गेले होते. दोघेही त्याच युद्धातले, दोघेही घरातच वारलेले. "या लोकांना इथली हवा मानवत नाही," असं ती तेव्हा थट्टेनं म्हणाली होती.

सगळं सुरळीत टाइप झालं. बापाचं नाव, जन्मतारीख, देश. मग आईच्या नावाचा रकाना आला आणि ती थबकली. लवादानं पाठवलेल्या पत्रात सारोवच्या आईचं नाव झमीरा होतं. दाखल्यावर अरबी अक्षरं होती ता, काफ, वाव, बा, अलिफ, या. तकुबाय.

कचेरीचा मालक हम्माद तिथलाच, शांत स्वभावाचा माणूस. त्यानं कागद उजेडात धरून पाहिला. "ये अरबी नाम नहीं है, संध्या. उन के मुल्क का होगा."

"चिट्ठी में तो माँ का नाम झमीरा है."

"फिर मोहर मत मारो," हम्माद म्हणाला. "पहले पता करो."

घरी चहा घेताना ती ते नाव पुटपुटत होती. तकुबाय. तकूबाई. समोर बसलेल्या अंतरानं, तिच्या सोळा वर्षांच्या लेकीनं, फोनमधून मानही वर केली नाही. "मम्मा, साउंड्स लाइक सम बाई फ्रॉम युअर गाव."

संध्यानं कप खाली ठेवला. अरबीत 'ठ' हे अक्षरच नाही. आपला 'ठ' त्यांच्याकडे गेला की त्याचा 'त' होतो, हे बावीस वर्षं ठाणे जिल्ह्यातल्या माणसांचे कागद करणाऱ्या बाईला मुलीनं सांगावं लागलं. ठकुबाई.

परदेशी कर्नलच्या आईचं नाव ठकुबाई होतं.

२

दाखल्याबरोबर दफनाची पावती जोडलेली होती. तिच्यावर मयताला आंघोळ घालणाऱ्याची सही होती, आणि ती चक्क मराठीत होती. मोहिद्दीन. मराठी शाळेत शिकलेला कोकणी मुसलमान. दुसरा कोण असणार? शुक्रवार सोडून रोज तो दफनभूमीजवळच्या खोलीत असतो, असं कळलं. संध्या गेली तेव्हा तो बादल्या उन्हात पालथ्या घालत होता.

तिनं आपलं नाव आणि काम सांगितलं. अकरा ऑगस्टचा कर्नल म्हटल्यावर त्यानं हातातली बादली सावकाश खाली ठेवली.

"ताई, मी गरीब मानूस. माझ्या व्हिजावर दापोलीत सात तोंडं खातात."

"तुमचं नाव कुठं येणार नाही. मला फक्त सांगा, तो कर्नल होता का?"

मोहिद्दीननं ओले हात लुंगीला पुसले. मग म्हणाला, "मेल्यावर सगले एकाच रंगाचे होतात. आमी कपड्याखालून हात फिरवतो, बघत नाही. मयताची अब्रू असते. पन कमरेला हाताला दोरा लागला. अशा कामात अंगावर काही ठेवायचं नसतं, म्हनून मी तो कापला. कापताना समजलं. करगोटा होता, ताई. आपल्याकडल्या हिंदूंच्या कमरेला असतो तसा."

"आणखी काय?"

"तलव्यांना घट्टे. नखांत माती. कर्नल काय खुरपं घेऊन लढत होता?" तो हसला नाही. "मी गप बसलो. दोन वेला नमाजात त्याच्यासाठी मागून घेतलं, बस."

खोलीतून त्यानं बामची एक रिकामी डबी आणली. आत काळ्या दोऱ्याचा तुकडा होता आणि त्यात एक तांब्याचा जुना पैसा ओवलेला होता, मधोमध भोक असलेला. इतके दिवस तो का ठेवला, असं संध्यानं विचारलं. "कुनीतरी मागायला येल, असं वाटलं," मोहिद्दीन म्हणाला.

परतीच्या वाटेवर, गाडी कडेला घेऊन, तिनं फोन काढला. मराठी मंडळींच्या मदत गटावर महिनाभरापूर्वीचा एक निरोप होता. तेव्हा तिनं तो वाचून पुढं सरकवला होता, आता तिला त्याची लाज वाटली. तुकाराम, वय चौतीस, माळी, खलिफा सिटीतल्या व्हिलात कामाला, बारा ऑगस्टपासून बेपत्ता. मालकानं पळून गेल्याची तक्रार दिली आहे. कुणाला दिसल्यास आईला कळवा, राजापूर.

जागा तीच आणि दिवसही तेच. पण निरोपाच्या शेवटी आईचं नाव होतं, आणि ते ठकुबाई नव्हतं. ते पार्वतीबाई होतं.

३

दाखल्यासाठीचा अर्ज तीन हातांतून गेला होता, एवढं हम्मादनं दोन फोन करून काढलं. तो टाइप झाला यतीनच्या कचेरीत. नेऊन दिला परेश नावाच्या ड्रायव्हरनं. खबर देणारा म्हणून सही होती व्हिलाचे व्यवस्थापक चंद्रशेखर यांची. तिघेही मराठी. आईच्या रकान्यात ते नाव त्या तिघांपैकीच कुणीतरी घातलं होतं. संध्यानं ठरवलं, सगळ्यांना एकच सांगायचं. तुकारामच्या आईनं चौकशी करायला सांगितलंय.

यतीन अजमानमध्येच माणसं पुरवायचा धंदा करी. मूळचा राजापूरकडचा, गळ्यात जाड साखळी, तोंडात सतत वेलची. तुकारामचं नाव काढताच एसीतही त्याला घाम फुटला.

"संध्याताई, केस सिंपल आहे. माणूस पळाला, मी ऍब्स्कॉन्डिंग टाकलं, खलास. आता पारूकाकीला गावी काय तोंड दाखवू, ते माझं मला माहीत. आमच्या शेजारच्या वाडीतली ती."

"कर्नलचा अर्ज तुमच्याकडे टाइप झाला?"

"व्हिलाचे सगळेच पेपर माझ्याकडे होतात. मी कशाला वाचत बसतोय?"

तुकारामची फाइल मात्र त्यानं दाखवली. पासपोर्टच्या प्रतीवर आईचं नाव पार्वती असंच होतं. संध्यानं सहज विचारलं, "दुपारी साडेबारा ते तीन उन्हात काम बंद असतं ना? तुमची माणसं पाळतात?" यतीननं फाइल ओढून घेतली आणि मीटिंग आहे म्हणाला. चोराच्या मनात चांदणं होतं खरं, पण ते याच चोरीचं होतं का, हे तिला ठरवता येईना.

परेश अबुधाबीबाहेरच्या एका कामगार वस्तीत राहायचा. एका खोलीत सहा जण, एकावर एक खाटा. तुकाराम त्याच्याच खाली झोपायचा. ती खाट अजून रिकामी होती आणि उशीखाली तुकारामचा फोन होता, चार्ज केलेला.

"हा तुझ्याकडे कसा?"

"व्हिलाच्या माळ्याच्या खोलीत पडला होता, ताई. मीच उचलला. तो पळाला असता तर फोन टाकून गेला असता का? मी शेखर सरांना विचारलं. सर म्हणाले, तू तुझी गाडी चालव." परेशचा आवाज खाली आला. "मी गाडी चालवली. सरांना टायपिंगला नेलं, मग पाकीट दिलं काउंटरवर. आत काय होतं, अल्ला जाने."

"तुकारामच्या आईचं नाव काय रे?"

परेशनं डोकं खाजवलं. "रोज आये, आये करून बोलायचा. फोनवर पण 'आये' असंच सेव्ह आहे. आयेला काय नाव असतं, ताई?"

खलिफा सिटीतली व्हिला पांढरी, उंच भिंतीची. लॉन करपलं होतं. चंद्रशेखर साठीचे, इस्त्रीचा शर्ट, बोलणं मऊ. त्यांनी खजूर आणि कहवा पुढं ठेवला. मालक परदेशात असतात, पाहुणे येत-जात असतात, कर्नलसाहेब त्यातलेच एक, बिचारे अचानक गेले, असं त्यांनी न विचारता सांगितलं. स्वतःबद्दल म्हणाले, "मी दादरचा. इथं एकतीस वर्षं झाली."

"आणि तुकाराम?"

त्यांची नजर लॉनकडं गेली. "गुणी झील. मुलगा, म्हणजे. पण कुणाच्या मनात काय असतं, सांगता येत नाही. गेला."

"त्याच्या आईला काय सांगू?"

"सांगा, वाट पाहू नका," चंद्रशेखर म्हणाले आणि कहव्याचा पेला उचलला. तो उचलताना थोडा कहवा सांडला. संध्या बाहेर पडली तेव्हा चपलेत खडा जावा तसं तिला काहीतरी टोचत होतं, पण काय ते हाताला लागेना.

४

दुसऱ्या दिवशी सकाळी तिनं राजापूरला फोन लावला. म्हातारीनं पहिल्या घंटेलाच उचलला. बहुतेक ती फोनशेजारीच बसून असायची.

"सापडला?" तिनं आधी हेच विचारलं.

"मी शोधतेय, पार्वतीबाई. मला दोन गोष्टी सांगा. तुकारामच्या कमरेला काही होतं?"

"करगोटा होता. त्यात भोकाचा पैसा. का गो?"

संध्यानं बामच्या डबीचं झाकण लावलं. बोट झाकणावरून हलेना. "आणि तुमचं आणखी काही नाव आहे?"

पलीकडं जरा हसू आलं, लाजल्यासारखं. "आता कसलं नाव? लग्नात ताटातल्या तांदळात सासऱ्यांनी लिहिलं, तेव्हापासनं चाळीस वर्षं मी पार्वती. इथं कुणाला दुसरं ठाऊकपण नाही. माहेरी ठकू होते मी. ठकुबाई. माहेर लांब, मालवणाकडं, देवलवाडीला. बारशाला माझा बाप आला होता, मोठ्यानं म्हणाला, 'ठकूचो झील इलो', आणि त्यानंच तो पैसा बांधला पोराच्या कमरेला. आमच्या राजापुरात सगळे हसले त्याच्या बोलण्याला."

संध्यानं काहीतरी बोलून फोन ठेवला.

मग तिनं मनाशी एकेक धागा सोडवला. चुकून नाव पडलं असतं, तर ते पासपोर्टवरून उतरलं असतं आणि पार्वती असं पडलं असतं. यतीनला काकी ठाऊक होती ती पारू म्हणून, सासरच्या नावानं. परेशला आयेशिवाय नावच माहीत नव्हतं. ठकुबाई हे नाव कुठल्याच कागदावर नव्हतं. ते फक्त तिच्या माहेरच्या माणसाच्या तोंडी असणार. त्या माणसानं ते चुकून लिहिलं नव्हतं, आठवून लिहिलं होतं.

आणि माहेरच्या त्या मुलखात मुलाला झील म्हणतात. दादरमध्ये नाही.

तिनं हम्मादला सगळं सांगितलं. त्यानं ऐकून घेतलं, गाडीची किल्ली उचलली आणि म्हणाला, "यल्ला. तुम अंदर बात करो. मैं बाहर गाडी में हूँ, पोलीस में मेरा कझिन है, उस को अभी फोन करता हूँ."

५

संध्यानं करगोटा टेबलावर ठेवला. चंद्रशेखर त्याच्याकडं पाहत राहिले. नाकारण्याचा प्रयत्नही त्यांनी केला नाही. उलट, फार दिवसांचं ओझं खाली ठेवावं तसे ते खुर्चीत मागं टेकले.

"झील म्हणालो ना मी," ते म्हणाले. "तेव्हाच जीभ चावली होती."

"देवलवाडी?"

"देवलवाडी. ठकू शाळेत माझ्या पुढच्या बाकावर असायची. तुकाराम इथं आला त्याच दिवशी म्हणाला, काका, माझं आजोळ तुमच्याच गावचं. आजोबांचं नाव घेतलं तसा मी ओळखला, ठकूचा झील." त्यांनी चष्मा काढला. "अकरा तारखेला दुपारी एक वाजता कर्नलला लॉनवर पाणी हवं होतं. त्या वेळी कुणाला उन्हात पाठवायचं नाही, हा कायदा मला पाठ आहे. मी पाठवलं. पोर पडलं."

"मेला होता?"

"नाही. श्वास चालू होता."

"मग तुम्ही ऍम्ब्युलन्स बोलावली नाही?"

"फोन हातात घेतला होता. कर्नल दारात येऊन उभा राहिला आणि म्हणाला, वेट. त्याला महिन्याभरापासून एक मेलेला माणूस हवा होता, संध्याबाई. ही वाट जुनी आहे. डोंगरातून मालवाहू विमान, मग ही व्हिला, मग मरण, आणि मग खाडीतून लाकडी गलबत. मेलेल्याला कोण शोधतो? बाकीची वाट दुसरे सांभाळतात. मरण माझ्याकडं होतं. मालकांचा डॉक्टर येतो, न बघता सही करतो."

"किती वेळ लागला त्याला?"

"पन्नास मिनिटं. मी शेजारी बसून होतो."

बाहेर कुणीतरी गाडीचं दार लावलं. संध्याला रडू येत नव्हतं, नुसता संताप येत होता, आणि तो कुठं ठेवावा हे कळत नव्हतं. "एकतीस वर्षं इथं राहून, आपल्या गावच्या पोरासाठी एक फोन करता आला नाही तुम्हाला?"

"पहिल्या वेळी कोण पाहुणा ते विचारलं नाही. दुसऱ्या वेळी विचारायचं धाडस झालं नाही. तिसऱ्या वेळी तुकाराम होता." त्यांनी चष्मा पुन्हा चढवला. "यतीनच्या कचेरीत बसून अर्ज मीच लिहून दिला. जन्मतारीख कर्नलची, बाप कर्नलचा. आईच्या रकान्याशी पेन अडलं. झमीरा लिहायचं होतं, मला माहीत होतं. वाटलं, तेका आवशीच्या नावान तरी मातीत जाऊंदे. अरबीत गेल्यावर ते कोण वाचणार?"

"मी वाचते," संध्या म्हणाली. मग तिच्या ध्यानात आलं, त्यांनी काय सांगितलं ते. तिसऱ्या वेळी. तिच्या कपाटात दोन फायली होत्या, दोन दाखले, दोन्हींवर तिचाच शिक्का. हवा मानवत नाही म्हणून तिनं केलेली थट्टा तिला आठवली. या वाटेवरची शेवटची पायरी तिची स्वतःची होती, आणि तिला त्याचा पत्ता नव्हता.

"त्या दोघांच्या जागी कोण पुरलं गेलं? त्यांच्या आयांची नावं काय?"

चंद्रशेखरांनी मान हलवली. "ठाऊक नाही. ते माझ्या गावचे नव्हते."

६

कर्नल सारोव सापडला नाही. तो गलबतानं महिनाभर आधीच गेला होता, कुठं ते चंद्रशेखरांनाही ठाऊक नव्हतं. चंद्रशेखर आणि डॉक्टर धरले गेले, व्हिलाला सील लागलं, यतीनची कचेरी बंद झाली. लवादानं सारोवची फाइल पुन्हा उघडली. बाकीच्या दोघांच्याही उघडल्या, कारण संध्यानं स्वतःच लेखी कळवलं की त्या भाषांतरांवरचा आपला शिक्का मागं घेतला जावा. हम्मादनं तिला दोनदा विचारलं, सोच लिया? तिनं सोच लिया म्हणून सांगितलं. आता ती रोज दुपारी गेल्या वर्षीच्या पळून गेलेल्या मजुरांच्या याद्या वाचते. याद्या लांब आहेत आणि त्यात आईचं नाव नसतं.

कबर उघडायची न्यायाधीशांची परवानगी आली, त्या दिवशी तिनं राजापूरला फोन केला. वाक्यं तिनं आधी कागदावर लिहून काढली होती. एकही कामाला आलं नाही, कारण म्हातारीनं तिचा श्वास ऐकूनच ओळखलं.

तिकडून आवाज आला. "कुठं ठेवलाय त्याला?"

"इथंच पुरलंय. आता काढून तुमच्याकडे पाठवतील. मी स्वतः कागद करतेय."

"दगडावर नाव कुणाचं आहे?"

"नाव नाही, नुसता आकडा आहे. कागदावर परक्याचं नाव आहे. फक्त आईच्या जागी तुमचं आहे."

"पार्वती?"

"नाही. ठकुबाई."

पलीकडं कोंबड्यांचा आवाज येत होता, कुणीतरी विहिरीवर भांडं आपटत होतं. मग म्हातारी बोलली तेव्हा तिच्या रडण्यात काहीतरी सैल झाल्यासारखं वाटलं.

"म्हणजे माझ्या माहेरचं कुणीतरी होतं तिथं," ती म्हणाली. "मला रोज वाटायचं, पोर परमुलखात एकटं गेलं असेल. कुणीतरी होतं ना गो त्याच्यापाशी? शेवटी?"

पन्नास मिनिटं. संध्यानं डोळे मिटले. बावीस वर्षांत तिनं कधी मूळ मजकूर बदलला नव्हता, एक शब्दही गाळला नव्हता.

"हो," ती म्हणाली. "शेजारीच बसून होते."